काळाला परत पाठवणारा चांगदेव

हल्लीच्या पोरांच्या गोष्टींत एक पात्र हमखास असतं. लांब दाढी, मळका झगा, समोर उकळणारी काचेची भांडी, आणि हातात कसलीशी पुडी. ती पुडी उधळली की काळ थांबतो. सगळं गाव जागच्या जागी गोठतं आणि हा किमयागार आरामात चालत निघून जातो. उन्हाळ्याच्या सुट्टीत देवळ्याला आलेल्या भाच्याने मला अशाच एकाचं जन्मापासून मरणापर्यंतचं (म्हणजे न मरण्यापर्यंतचं) चरित्र ऐकवलं. राज्य काल्पनिक, राजे काल्पनिक, पंचांगसुद्धा काल्पनिक. आणि शेवटी प्रश्न, "मामा, आपल्याकडे असं कोणीच नाही का?"

आहे की! एक नाही, तीन आहेत. तिघांचं नाव एकच, काळ साधारण एकच, आणि त्यातले दोघे तर आपल्या खानदेशातले. पण हे सगळं जेवता जेवता सांगणं जमेना, म्हणून म्हटलं सावकाश लिहून काढू. भाच्याबरोबर तुम्हीही वाचा.

आधी आपल्या दाराशीच बघू. आपल्याकडच्या माणसाला काळावर मात केलेला पहिला माणूस कोण असं विचारलं तर तो पुराण उघडत नाही, डोंगराकडे बोट दाखवतो. सप्तशृंग गडासमोर मार्कंडेय पर्वत आहे. सोळा वर्षांचंच आयुष्य घेऊन आलेला मार्कंडेय शिवलिंगाला मिठी मारून बसला, यमाचा फास लिंगावर पडला आणि महादेवांनी यमालाच लाथ मारली, ही कथा सगळ्यांना माहीत आहे. आपल्याकडची भर अशी की हाच मार्कंडेय या डोंगरावर बसून देवीचं माहात्म्य सांगत होता आणि ते ऐकायला देवीने मान जराशी कलती केली. मूर्तीची ती मान आजही तशीच आहे. देवीमाहात्म्य हा मार्कंडेय पुराणाचाच भाग, त्यामुळे लोकांनी दोन डोंगरांमध्ये ग्रंथ आणि श्रोता असं नातं जोडून टाकलं. सोमवती अमावस्येला या डोंगरावर माणसांची रीघ लागते.

पण मार्कंडेयाला आयुष्य मिळालं ते देवाच्या कृपेने. स्वतःच्या विद्येने काळाला फसवलेला माणूस हवा असेल, तर तापीच्या काठी जायला हवं.

चौदाशे वर्षांचा योगी

जळगाव जिल्ह्यात मुक्ताईनगर तालुक्यात तापी आणि पूर्णा यांच्या संगमावर चांगदेव नावाचं गाव आहे. तिथं जुनं दगडी मंदिर आहे. त्या चांगदेवाची कथा थोडक्यात अशी. योगी मोठा, शिष्यांचा गोतावळा मोठा, आणि वय चौदाशे वर्षं. हे वय आलं कुठून? तर मरणाची वेळ जवळ आली की हा गडी प्राण ब्रह्मरंध्रात नेऊन ठेवायचा आणि समाधी लावायचा. काळ यायचा, बघायचा, देहात प्राणच सापडायचा नाही, मग हात हलवत परत जायचा. काळाची वेळ टळली की हा प्राण खाली आणून पुन्हा शंभर वर्षं जगायला मोकळा. असं चौदा वेळा केलं.

बघा, वसुलीला माणूस आला की मागच्या दाराने शेतात जायचं, यातलाच हा प्रकार. फक्त जरा उंचीवरचा :-)

मग त्याच्या कानावर आलं की आळंदीला कोणी लहान मुलं आहेत, त्यांनी रेड्याकडून वेद बोलवले. भेटायला जावं असं वाटलं. आधी पत्र पाठवावं म्हणून कागद घेतला आणि मायन्यालाच गाडी अडली. ज्ञानदेव वयाने लहान, तेव्हा 'चिरंजीव' लिहावं. पण ज्ञानाने मोठे, तेव्हा 'तीर्थरूप' लिहायला हवं. काय लिहावं ते ठरेना, म्हणून त्याने कोरा कागदच पाठवून दिला. तो बघून मुक्ताबाई म्हणाली, चौदाशे वर्षं जगून हा अजून कोराच राहिला. निवृत्तिनाथांच्या सांगण्यावरून ज्ञानदेवांनी त्या कोऱ्या पत्राला पासष्ट ओव्यांचं उत्तर लिहिलं. तीच 'चांगदेव पासष्टी'. पुढे चांगदेव वाघावर बसून, हातात सापाचा चाबूक घेऊन निघाला आणि ही भावंडं बसल्या भिंतीसकट त्याला सामोरी गेली. चित्र आपण सगळ्यांनी कॅलेंडरवर पाहिलेलं आहे. शेवटी चौदाशे वर्षांच्या म्हाताऱ्याने गुरू केलं ते मुक्ताबाईला. ती तेव्हा पंधरा-सोळा वर्षांची असेल.

ही कथा आपण लहानपणी भिंत चालली म्हणून ऐकतो. मला आता त्यातला मायना जास्त गमतीचा वाटतो. अजूनही आपल्या लग्नपत्रिकेत 'चि.' आणि 'ती.' कुणाला लावायचं यावरून दोन काका रुसतात. आणि शब्द बघा. 'चिरंजीव' म्हणजे पुष्कळ जगणारा. ज्याला हा शब्द अक्षरशः लागू होता, तो लिहायला बसला होता एका अशा मुलाला की जो एकविसाव्या वर्षी समाधी घेणार होता.

श्वास आणि पारा

आता कोणी म्हणेल, चांगदेव तर योगी. किमयागार कुठे? बरोबर आहे. पण त्या काळात या दोन वाटा वेगळ्या नव्हत्या.

आपल्याकडे रसविद्या नावाचं शास्त्र होतं. रस म्हणजे पारा. लोखंडाचं-तांब्याचं सोनं करणं हे त्यातलं लोकांना दिसणारं टोक. खरा हेतू देह टिकवणं. चौदाव्या शतकात माधवाचार्यांनी 'सर्वदर्शनसंग्रह' लिहिला. त्यात बौद्ध, जैन, चार्वाक यांच्या रांगेत 'रसेश्वर दर्शन' असं स्वतंत्र तत्त्वज्ञान दिलेलं आहे. त्याचं म्हणणं असं की मोक्ष मेल्यावर मिळतो हे कोणी पाहिलंय? जिवंतपणी मिळवायचा तर शरीर टिकायला हवं, आणि शरीर टिकवायचं तर पारा साधायला हवा. पैलपार नेतो तो 'पारद' अशी शब्दाची फोडही ते करतात. कच्चा पारा चंचल आणि विषारी. त्याच्यावर अठरा संस्कार करायचे, गंधक-अभ्रकाशी त्याला बांधायचं. आधी त्याची परीक्षा धातूवर घ्यायची. तांब्याचं सोनं झालं तर मग देहावर प्रयोग. म्हणजे सोनं हे नुसतं प्रात्यक्षिक होतं!

रसग्रंथ म्हणतात की पारा आणि श्वास यांचं वागणं सारखंच आहे. दोन्ही चंचल. मोकळे सोडले तर आयुष्य घेऊन जातात, बांधले तर आयुष्य देतात. पाऱ्याला मुशीत कोंडणारा रससिद्ध आणि प्राणाला ब्रह्मरंध्रात कोंडणारा योगी एकच काम दोन हत्यारांनी करत होते. पंधराव्या शतकातल्या 'हठयोगप्रदीपिके'त काळाचा दंड मोडून विश्वात फिरणाऱ्या सिद्धांची यादी आहे. तिच्यात मत्स्येंद्र आणि गोरक्ष यांच्याबरोबर चर्पटी, नित्यनाथ ही रसविद्येतली नावंही आहेत. निवृत्तिनाथांचे गुरू गहिनीनाथ याच नाथ परंपरेतले, आणि त्यांची भेट झाली ती आपल्या त्र्यंबकच्या ब्रह्मगिरीवर. म्हणजे चौदाशे वर्षांचा योगी आणि त्याला हरवणारी मुलं एकाच घराण्याच्या दोन शाखांतली.

बाहेरच्या लोकांनीही हे पाहिलं होतं. अल्बेरुनीने इ.स. १०३० च्या सुमारास हिंदुस्थानावर ग्रंथ लिहिला. सोमनाथजवळच्या नागार्जुन नावाच्या रससिद्धाबद्दल तो लिहितो, आणि सोन्याच्या लोभाने राजे कसे वेडे होतात यावर चांगलंच तोंडसुख घेतो. मार्को पोलो तर ज्ञानदेवांचा समकालीन. १२९० नंतरच्या वर्षांत तो आपल्या किनाऱ्याने गेला. दीडशे-दोनशे वर्षं जगणारे जोगी पारा आणि गंधक मिसळून पितात असं त्याने लिहून ठेवलंय. पाहिलं किती आणि ऐकलं किती ते त्याचं त्याला ठाऊक. पण १२९० साली ज्ञानेश्वरी पुरी झाली आणि त्याच सुमारास एक व्हेनिसचा व्यापारी पारा पिणाऱ्या जोग्यांची गोष्ट वहीत टिपत होता, हे लक्षात घेतलं की चांगदेवाची कथा एकदम हवेतली वाटत नाही. तेव्हाच्या बाजारातली, नाक्यावरची चर्चाच ती.

अर्थात पाऱ्याने कोणी चौदाशे वर्षं जगलं नाही. चीनमध्ये तांग घराण्याचे एकाहून जास्त बादशहा अमरपणाची औषधं खाऊन मेले. पाऱ्याची वाफ आणि क्षार मेंदू आणि मूत्रपिंड खातात, हे आता शाळेतल्या मुलालाही माहीत असतं.

आमच्या घराण्यातही एक किमयागार होऊन गेले. आजोबांचे चुलतभाऊ. कुठल्याशा फिरत्या बैराग्याने त्यांना तांब्यात पाला पिळून सोनं करून दाखवलं म्हणे. पुढची बारा वर्षं मळ्यातल्या झोपडीत भट्टी पेटलेली. बागायतीचे दोन तुकडे त्या भट्टीत गेले. सोनं निघालं नाही. शेवटी शेवटी ते सोन्याबद्दल बोलतही नसत. फक्त म्हणत, अजून थोडा वेळ मिळायला हवा होता. आजी त्यांच्याबद्दल सांगताना कधी हसली नाही. एवढंच म्हणायची, "मरन कोनले चुकनं?"

लोकांना वाटतं किमयागाराला सोन्याची हाव असते. मला वाटतं त्याची खरी भूक वेळेची असते, आणि त्या भुकेपायी हातात असलेला वेळच तो जाळून टाकतो.

काळ मोजणारा चांगदेव

आता दुसऱ्या चांगदेवाकडे या. हा मात्र कथेतला नाही, दगडावर कोरलेला आहे.

चाळीसगावपासून सुमारे १८ किलोमीटरवर सातमाळा-अजिंठा रांगेच्या पायथ्याला पाटण आहे, पाटणादेवीचं. आपल्या गडापासून पूर्वेकडे चांदवड, मनमाड करत जी डोंगररांग जाते, तीच पुढे पाटणला पोचते. तिथल्या देवळातला एक शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी शोधून १८६५ साली प्रसिद्ध केला. लेख इ.स. १२०७ चा. त्यात एका विद्वान घराण्याची वंशावळ आहे : त्रिविक्रम, भास्करभट्ट, गोविंद, प्रभाकर, मनोरथ, महेश्वर, त्यांचा मुलगा भास्कराचार्य, त्याचा लक्ष्मीधर आणि त्याचा चांगदेव. हा चांगदेव यादव राजा सिंघणाचा मुख्य ज्योतिषी होता. आजोबांचे ग्रंथ, त्यातही 'सिद्धान्तशिरोमणी', शिकवले जावेत म्हणून त्याने पाटणला मठ काढला. तिथल्या निकुंभ घराण्यातल्या सोइदेव राजाने श्रावणी पौर्णिमेला, चंद्रग्रहणाच्या पर्वावर, त्या मठाला दान दिलं.

आजोबा म्हणजे लीलावतीवाले भास्कराचार्य. जन्म १११४, आणि वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, ११५० साली 'सिद्धान्तशिरोमणी' पुरा. त्यांचं विज्जडविड गाव नक्की कुठलं यावर पंडित अजून भांडतात, पण नातवाचा मठ पाटणला होता यात वाद नाही.

या ग्रंथात काळाचे तुकडे कसे पाडलेत ते बघण्यासारखं आहे. दिवस-रात्र मिळून ६० घटिका, म्हणजे एक घटिका २४ मिनिटांची. एका घटिकेच्या ३० कला, एका कलेच्या ३० काष्ठा, एका काष्ठेचे १८ निमेष. निमेष म्हणजे पापणी लवण्याइतका वेळ. त्याचा तिसावा भाग तत्पर, आणि तत्परचा शंभरावा भाग त्रुटी. गुणाकार केला तर एका अहोरात्रीत २९१ कोटी ६० लाख त्रुटी भरतात. म्हणजे एका सेकंदात ३३,७५०. हे मोजायला त्यांच्याकडे साधन नव्हतं. पाण्यात सोडलेलं भोक पाडलेलं घटिकापात्र होतं. पण ग्रह या क्षणी किती वेगाने चाललाय, हा प्रश्न नीट विचारायचा तर क्षण लहान लहान करत न्यावा लागतो, हे त्या माणसाला कळलेलं होतं. त्याला तो 'तात्कालिक गती' म्हणतो.

आणि गंमत म्हणजे इथेही पारा आहेच! त्याच ग्रंथाच्या यंत्राध्यायात भास्कराचार्यांनी एक आपोआप फिरणारं चाक सांगितलंय. हलक्या लाकडाचं चाक, पोकळ आरे, आरे अर्धे पाऱ्याने भरून तोंडं बंद केलेली. एकदा आसावर बसवलं की पारा एका बाजूला धावत राहील आणि चाक फिरत राहील, अशी कल्पना. असं चाक कायम फिरत नाही. ऊर्जा फुकट मिळत नाही हे भौतिकशास्त्राने पक्कं करायला पुढची सातशे वर्षं गेली. पण डोळ्यांपुढे आणा. योगी ज्या पाऱ्याने काळाचं चाक थांबवायला निघाले, त्याच पाऱ्याने हा ज्योतिषी कधीच न थांबणारं चाक करायला बघतोय. दोघांनाही त्या चकाकत्या, हाताला न लागणाऱ्या धातूत काळ दिसला असावा.

भास्कराचार्यांच्या नावावरही काळ अडवल्याची एक कथा आहेच. लेक लीलावती हिच्या लग्नाची एकच घटिका शुभ होती. घटिकापात्र ठेवलं, मुलगी कौतुकाने वाकून बघायला गेली, तिचा एक मोती पात्रात पडला आणि भोक बुजलं. पाणी आत येईना. सगळे वाट बघत राहिले आणि मुहूर्त निघून गेला. ही कथा आपल्याला मिळते ती फैजीच्या १५८७ च्या फारसी भाषांतराच्या प्रस्तावनेतून, म्हणजे चारशे वर्षांनंतर. खरी असेलच असं नाही. पण तिच्यात एक शहाणपण आहे. घड्याळ थांबलं म्हणून काळ थांबत नाही. थांबलंय हे कळायला उशीर होतो, इतकंच.

पाटणच्या लेखातला मला सगळ्यात आवडणारा भाग मात्र शेवटचा. वरचा सगळा लेख संस्कृतात, आणि शेवटी दानाचा तपशील आला की भाषा एकदम मराठी होते. पंडितांसाठी संस्कृत, आणि ज्यांच्याकडून वसूल करायचं त्यांना कळेल अशी मराठी! पाटणच्या बाजारात जो माल येईल त्यावर मठाचा हिस्सा, तेलाच्या घाण्यामागे पळी पळी तेल, मापायचं ते मठाच्या मापाने. सुरुवातीच्या मराठीचा हा मोठा पुरावा म्हणून अभ्यासक त्याच्याकडे बघतात. मी देवळ्याचा माणूस, त्यामुळे मला आधी दिसली ती मार्केट कमिटी. उमराण्याला कांद्याचा लिलाव झाला की त्यावर सेस लागतो, तसाच हा तेराव्या शतकाच्या तोंडावरचा सेस. फरक इतकाच की तो जात होता ग्रहगणित शिकवण्यासाठी. घाण्यावरच्या तेल्याला त्रुटी आणि तत्पर यांचं काही देणंघेणं नसेल. पण त्याच्या पळीभर तेलावर रात्री मठातला दिवा जळत असेल आणि कोणी पोरगं आकडेमोड करत बसलं असेल.

या घराण्याने आपल्या गिरणेचा काठही सोडलेला नाही. भास्कराचार्यांच्या भावाचा नातू अनंतदेव, तोही सिंघणाच्या दरबारचा ज्योतिषी. त्याने चाळीसगाव तालुक्यातल्या बहाळ गावी देवीचं देऊळ बांधलं, त्याचा लेख इ.स. १२२२ चा आहे. बहाळ गिरणेवर आहे. लोहोणेरला आपण पुलावरून जे पाणी बघतो ते पुढे तिथूनच जातं, आणि शेवटी तापीला मिळतं.

तिसरा, आणि नावांचा घोळ

तिसरा चांगदेव म्हणजे महानुभावांच्या पंचकृष्णांतले चांगदेव राऊळ. मूळ फलटणचे, राहायला द्वारकेत. परंपरा सांगते की त्यांनी देह ठेवला आणि भरुचच्या प्रधानाचा मुलगा हरपाळदेव नुकताच वारला होता त्याच्या देहात प्रवेश केला. तेच पुढे चक्रधर स्वामी. म्हणजे इथे काळाला परत पाठवलेलं नाही, नुसतं घर बदललंय. महानुभाव वाङ्मयात 'वयस्तंभिनी' नावाची विद्याही येते. वय जागच्या जागी खिळवून ठेवणारी. नावच किती नेमकं आहे!

शंभर-सव्वाशे वर्षांत, एकाच मुलखाच्या आसपास, तीन चांगदेव आणि तिघांचा संबंध काळाशी. मग मोह होतो की हे तिघे एकच असतील, किंवा एकाची कथा दुसऱ्याला चिकटली असेल. तसं म्हणायला पुरावा नाही. चांगदेव हे तेव्हाचं सरसकट नाव होतं, आपल्याकडच्या एकाच वर्गात चार राहुल असतात तसं. पण कथा माणसांवरून माणसांवर उड्या मारतात हे मात्र खरं. वाघावर बसलेला साधू आणि त्याला भिंतीवर बसून सामोरा जाणारा दुसरा साधू, ही गोष्ट सूफी पिरांबद्दलही ठिकठिकाणी सांगतात. सायमन डिग्बी नावाच्या इंग्रज अभ्यासकाने १९९४ साली याच विषयावर निबंध लिहिला. आणि हॅरी पॉटर वाचणाऱ्या पोरांना निकोलस फ्लामेल माहीत असतो. तो पॅरिसमधला खराखुरा लेखनिक. १४१८ साली वारला. त्याने परीस मिळवला ही कथा पसरली ती सतराव्या शतकात, तो जाऊन दोनशे वर्षं झाल्यावर. माणूस मेला की कथा त्याला अमर करते, असा उलटा व्यवहार सगळीकडेच आहे.

कोऱ्या कागदाचं पुढे काय झालं

मग पहिला चांगदेव, तो चौदाशे वर्षांचा, तो खरंच कोणी होता का?

होता असं म्हणायला जागा आहे. 'तत्त्वसार' नावाचा जुना मराठी ग्रंथ मिळालेला आहे, चांगा वटेश्वराचा. त्याचा शक १२३४, म्हणजे इ.स. १३१२. हरिश्चंद्रगडावर जाणाऱ्या ट्रेकर मंडळींना ठाऊक असेल, तिथल्या लेखांशीही चांगदेवांचं नाव जोडलेलं आहे. बरेच अभ्यासक मानतात की ज्ञानदेवांनी ज्याला पासष्ट ओव्या लिहिल्या तो हाच.

आता तारखा शेजारी शेजारी ठेवून बघा. ज्ञानदेवांचा जन्म १२७५, ज्ञानेश्वरी १२९०, समाधी १२९६. मुक्ताबाई १२७९ ते १२९७. तापीच्याच काठी, चांगदेव गावाजवळ, वीज कडाडली आणि ती दिसेनाशी झाली. १२९६ सालीच अल्लाउद्दीन खिलजी देवगिरीवर चालून आला आणि ज्या यादवांच्या आसऱ्याने पाटणचा मठ चालला होता त्यांचे दिवस भरत आले. आणि या सगळ्यानंतर, १३१२ साली, चांगदेव ग्रंथ लिहितोय. ज्याने कोरा कागद पाठवला, त्याच्या हातून अखेर कागद भरला. तोही कधी? ज्यांनी त्याला लिहितं केलं ती दोन्ही मुलं जाऊन पंधरा-सोळा वर्षं झाल्यावर.

ही गोष्ट मला भिंत चालण्याहून मोठी वाटते. चौदाशे वर्षं हा आकडा आपण खरा-खोटा करत बसतो. पण कथेला काय म्हणायचंय ते सरळ आहे. चांगदेवाने काळाला चौदा वेळा परत पाठवलं आणि त्या मिळालेल्या वेळात काय केलं, तर पुन्हा त्याला परत पाठवायची तयारी. समोरच्या घरी एका मुलीला अठरा वर्षं मिळाली, एका मुलाला एकवीस. त्यांनी मागे ठेवलं ते आपण अजून रोज संध्याकाळी हरिपाठात म्हणतो. काळाला फसवणारा काठावरच उभा राहिला, आणि काळ मोजून खर्च करणारी माणसं पार गेली.

दुसऱ्या चांगदेवाचंही तसंच. त्याने आजोबांना जिवंत ठेवायला पारा घोटला नाही, प्राण कोंडला नाही. आजोबांची पुस्तकं शिकवायची सोय केली आणि त्याचा खर्च कोण देणार ते दगडावर लिहून ठेवलं. आज मठ नाही, राजा नाही, ते माप कुठल्या मातीत गेलं कोण जाणे. पण लीलावतीतली गणितं अजून सोडवली जातात.

आपल्या सगळ्यांच्या घरी कुणी ना कुणी म्हातारं माणूस असतं. आपण डॉक्टरला विचारतो, अजून किती? गोळ्या, तपासण्या, दवाखाने. ते करायलाच हवं, त्याबद्दल वाद नाही. पण काळाला दारातून परत पाठवण्याच्या धावपळीत मधला वेळ कोराच राहून जातो. आमची आजी गेली तेव्हा तिच्या अहिराणी ओव्यांतल्या जेमतेम आठ-दहा कुणाच्या तरी वहीत होत्या. बाकीच्या तिच्याबरोबर गेल्या. कोणी मुद्दाम पुसल्या नाहीत. बसून विचारणारं कोणी नव्हतं, एवढंच.

तेव्हा मंडळी, जमलं तर दोन कामं करा. पाटणादेवीला एकदा जाऊन या. देवळ्याहून मालेगाव, तिथून चाळीसगाव, पुढे पाटण. पावसाळ्यानंतर डोंगर हिरवा असतो. आणि घरात जे कोणी सत्तरीच्या पुढचं असेल त्याच्याजवळ वही घेऊन बसा. मायना काय घालायचा, चिरंजीव की तीर्थरूप, त्याचा फार विचार करू नका. कागद कोरा ठेवू नका म्हणजे झालं.